तारीख कोणी सांगितली, सर

सर,

तुमच्या शोकसभेत मी शेवटच्या रांगेत बसले होते. पुढे या म्हणून दोघांतिघांनी खुणावलं, पण मी गेले नाही. मागे बसलं की कोण कोणाच्या कानाला लागतंय ते दिसतं. ही सवय तुमचीच. परीक्षेच्या वेळी तुम्ही वर्गाच्या मागे उभे राहायचात, म्हणजे तुम्ही कोणाकडे बघताय हे कोणालाच कळायचं नाही.

व्यासपीठावरून तुम्हाला ऋषितुल्य म्हटलं गेलं. ज्यांनी म्हटलं त्यांनी तुमच्या प्रयोगशाळेला जागा मिळू नये म्हणून काय काय केलं होतं ते मला माहीत आहे आणि तुम्हालाही होतं. दुसऱ्या एकांनी बेदाणे वाळवण्याच्या तुमच्या यंत्राचं कौतुक करताना त्याला सौरचूल म्हटलं. मग एक मोठं पुष्पचक्र आत आणलं गेलं. दिंडोरीच्या बाजूच्या त्या कारखान्याचं. मी इथे त्याचं नाव घेत नाही, तुम्हाला सांगायची गरज नाही आणि इतरांना सांगून उपयोग नाही. ते तुमच्या फोटोच्या अगदी पायाशी ठेवलं आणि कोणालाच त्यात काही वावगं वाटलं नाही. उरलेली सभा मी त्या पुष्पचक्राकडे बघत काढली. कोणी पाठवलं असेल, का पाठवलं असेल, आणि आत कोणाच्या सांगण्यावरून आलं असेल.

तुम्ही मला हेच शिकवलं होतं. पहिल्या वर्षी पहिल्याच तासाला तुम्ही फळ्यावर एक चौकोन काढलात, एक बाण आत जाणारा, एक बाहेर येणारा. ही टाकी, म्हणालात. आत किती गेलं, बाहेर किती आलं, मध्ये किती साठलं, एवढंच आपलं शास्त्र आहे. ताळा जमला नाही तर एक तर मोजमाप चुकलंय, नाही तर कुठे गळती आहे, नाही तर कोणीतरी खोटं बोलतंय. आम्ही हसलो, तुम्ही हसला नाहीत. मी सायखेड्याहून आलेली, शेतकऱ्याघरची मुलगी. केमिकल इंजिनिअरिंग म्हणजे नक्की काय हे मला प्रवेश घेतानाही ठाऊक नव्हतं. त्या दिवशी ते कळलं आणि आवडलं.

घरीही तुम्ही तसेच. गॅसचा सिलिंडर आला की दारातच ताणकाट्याला लावायचात. सिलिंडर आणणारे गृहस्थ मग तुमच्यासाठी भरलेलाच निवडून आणायला लागले. दूध हुंगून बघायचात, औषधाच्या पट्टीवरची बारीक अक्षरं भिंग घेऊन वाचायचात. काकू म्हणायच्या, यांनी मंगळसूत्राचंसुद्धा वजन केलं असतं, पण माझे वडील समोर बसले होते म्हणून राहिलं. इंदिरानगरच्या तुमच्या त्या फ्लॅटमध्ये मी कितीदा जेवले असेन. पीएचडीच्या दिवसांत तर काकू मला विचारायच्याच नाहीत, सरळ ताट वाढायच्या.

आणि तुमच्या त्या संशयानेच मला एकदा वाचवलं, हे इथे लिहायलाच हवं. माझ्या प्रबंधातले वाळवणीचे आकडे फार सुंदर आले होते. मी पेढे घेऊन आले. तुम्ही पेढा बाजूला ठेवून विचारलंत, इतकं चांगलं कसं आलं? सगळे प्रयोग परत करायला लावलेत. मी रडले, काकूंकडे तक्रार केली, दोन दिवस तुमच्याशी बोलले नाही. शेवटी तापमान मोजणारी तारच खराब निघाली. ते आकडे तसेच छापले असते तर मी आज कुठल्याही वर्गासमोर उभी राहू शकले नसते. तेव्हा मी मनात ठरवलं होतं की या माणसाच्या संशयाखाली राहणं म्हणजे सुरक्षित राहणं. पुढे तो संशय माझ्यावरच येईल असं मला वाटलं नव्हतं.

आता त्या दिवसाबद्दल.

फळांचा रस आणि मद्यार्क काढणारा तो कारखाना. त्याच्या खालच्या वस्तीतल्या विहिरींचं पाणी तांबडं झालं होतं, आंबूस वास यायचा, जनावरं तोंड लावत नव्हती. तक्रारींनंतर चौकशीसाठी समिती नेमली गेली. तुम्ही तिच्यात होतात आणि तेव्हा आपल्याच विभागात शिकवायला लागलेल्या मला नमुने घेण्यासाठी तुम्ही बरोबर घेतलंत. माझा भाऊ प्रमोद त्या कारखान्यात बॉयलरवर कामाला आहे हे मी तुम्हाला आधीच सांगितलं होतं. त्याचा याच्याशी काय संबंध, असं तुम्हीच म्हणाला होतात.

न कळवता जायचं ठरलं. तारीख तुम्हाला, मला आणि समितीच्या अध्यक्षांना माहीत. बाकीच्यांना सकाळी गाडीत बसल्यावर कळणार होती.

आपण फाटकाशी पोचलो तेव्हा ते उघडंच होतं. गटारांच्या कडेला ताजा चुना मारलेला. कामगार इस्त्रीच्या गणवेशात. नाल्यात सोडलेलं पाणी इतकं नितळ की तळ दिसत होता. व्यवस्थापक स्वतः स्वागताला आला. तुमचा जुना विद्यार्थी, तो तुमच्या पाया पडला. बैठकीच्या खोलीत चहा तयार होता. सगळ्यांना एकाच ट्रेमधून आला, तुम्हाला वेगळा कप आला. तुम्ही एक घोट घेतलात आणि कप खाली ठेवलात. तो चहा बिनसाखरेचा होता हे मला तुमच्या चेहऱ्यावरून कळलं.

तुम्हाला मधुमेह निघून तेव्हा थोडेच दिवस झाले होते. कॉलेजात तुम्ही कोणालाही कळू दिलं नव्हतं. मला माहीत होतं, कारण माझं घरी येणंजाणं होतं. म्हणजे ते घरात काकूंना माहीत आणि बाहेर मला.

परत येताना तुम्ही पुढे बसला होतात, मागे मी आणि समितीतले, आपल्याच विभागातले दोघं. दिंडोरी मागे पडली, दोन्ही बाजूंना द्राक्षांचे मांडव, कुठेतरी फवारणीचा ट्रॅक्टर चालू. मग तुम्ही मान न वळवता विचारलंत,

"प्रमोद हल्ली कोणत्या पाळीला असतो गं?"

मी म्हटलं, दुसऱ्या पाळीला, सर. तुम्ही फक्त हं म्हणालात. माझ्या शेजारच्या गृहस्थांनी माझ्याकडे पाहिलं आणि लगेच खिडकीबाहेर पाहू लागले.

एवढंच झालं. तुम्ही आरोप केला नाहीत, म्हणून मला नाकारताही आलं नाही. न विचारलेल्या प्रश्नाला काय उत्तर देणार? मीच विषय काढावा तर त्याचाच संशय येणार. पुढच्या भेटीच्या वेळी समितीच्या पत्रात माझं नाव नव्हतं. कारण दिलं होतं ते बरोबरच होतं, नात्यातलं माणूस तिथे नोकरीला आहे. पण विभागात मी स्टाफरूममध्ये शिरले की बोलणी थांबायची. मी बसले की पुन्हा सुरू व्हायची, भलत्याच विषयावर.

तुम्ही मात्र माघार घेणारे नव्हतात. एकटे जात राहिलात. पॅन्ट दुमडून नाल्यात उतरलात आणि पाण्याऐवजी तळाचा गाळ काढून आणलात. पाणी वाहून जातं, गाळ सगळं धरून ठेवतो. त्या गाळावरून तुम्ही सिद्ध केलंत की तिथे काय सोडलं जात होतं आणि किती काळापासून. मला हे अहवाल आल्यावर कळलं, इतरांसारखंच. कारखाना बंद ठेवावा लागला, नवी शुद्धीकरण यंत्रणा बसेपर्यंत. विहिरी हळूहळू निवळल्या. वस्तीतल्या लोकांनी तुमचा सत्कार ठेवला आणि तुम्ही त्याला गेला नाहीत, कारण हार आणणारे कोण आहेत ते तुम्हाला आधी बघायचं होतं.

त्या बंदीत ज्यांची नोकरी गेली त्यांत प्रमोद होता. तो सायखेड्याला परत आला, वडिलांच्या शेतात. मी भेटायला गेले तर अंगणातच थांबवलं मला.

"तूच सांगितलं ना सरला समदं? लय शिकली तू, म्हणून भावाच्या अन्नात माती कालवली."

मी म्हटलं, मी काही सांगितलं नाही, मला कुठे काय माहीत होतं. तो म्हणाला, मंग त्यांना कळलं कसं? त्या वर्षी भाऊबीजेला तो आला नाही. त्याच्या पुढच्याही वर्षी नाही.

बघा, सर. तुम्हाला वाटत होतं मी तुमची तारीख कारखान्याला सांगितली. भावाला वाटत होतं मी कारखान्याचं गुपित तुम्हाला सांगितलं. दोन्हींपैकी मी काहीच केलं नव्हतं, आणि दोन्ही घरी माझ्याकडे बघताना लोक क्षणभर थांबायचे. काकू सोडून. काकू पूर्वीसारखंच ताट वाढायच्या, उलट जरा जास्तच. त्यांच्या त्या प्रेमावर मी कधी शंका घेतली नाही. तेवढी एकच जागा मी तपासली नाही.

पुढची वर्षं तुम्ही माझ्यासाठी खूप केलंत. माझ्या बढतीच्या वेळी तुम्ही प्राचार्यांच्या खोलीत बसून राहिलात, कागदावर सही होईपर्यंत उठला नाहीत. आपल्या शोधनिबंधांवर माझं नाव पहिलं टाकलंत, जिथे तुमचं असायला हवं होतं तिथेही. निवृत्त होताना प्रयोगशाळेच्या किल्ल्या माझ्या हातात दिल्यात आणि म्हणालात, आता तुझ्याइतकं हे कोणाला कळत नाही. मी कृतज्ञ होते. आजही आहे, हे खोटं नाही. पण तेव्हाही प्रत्येक वेळी माझ्या मनात यायचं, ज्या माणसाचा माझ्यावर विश्वास नाही तो मला किल्ल्या का देतो?

दवाखान्यात तुम्ही शेवटपर्यंत तुम्हीच होतात. सलाइनची बाटली फिरवून तिच्यावरचं लेबल दाखवायला लावलंत, त्याशिवाय हात पुढे केला नाहीत. सिस्टर हसल्या. मग त्या गेल्यावर तुम्ही माझ्याकडे पाहिलंत आणि म्हणालात, मीनल, त्या दिवशी गाडीत.

मी खुर्ची पुढे ओढली. इतकी वर्षं मी याच वाक्याची वाट बघत होते. तेवढ्यात काकू मऊ भाताचा डबा घेऊन आत आल्या. तुम्ही त्यांच्याकडे पाहिलंत, मग छताकडे, आणि वाक्य पुरं केलंत. त्या दिवशी गाडीत माझी छत्री राहिली होती, कोणाकडे गेली कोण जाणे.

छत्री, सर? द्राक्षांच्या घडांमध्ये साखर भरायच्या कोरड्या दिवसांत छत्री घेऊन कोण फिरतं? मी घरी येताना रिक्षात मनाशी म्हणत होते, मरणाच्या दारातही या माणसाने मला माफ केलं नाही. जे मी केलंच नव्हतं त्याची माफी. दोन दिवसांनी तुम्ही गेलात.

तेराव्यानंतर मी तुमच्याकडे गेले, तुमच्या टेबलावर राहिलेल्या कॉलेजच्या काही वस्तू आणायला. दुपारची वेळ होती. काकू तुमचे स्वेटर वर्तमानपत्रात गुंडाळत होत्या. मला बस म्हणाल्या. स्वतः बसल्या नाहीत. आणि हातातलं काम न थांबवता त्यांनी सांगितलं की त्या वर्षी तारीख त्यांनी सांगितली होती.

तो व्यवस्थापक त्यांना भेटायला आला होता, तुम्ही कॉलेजात असताना. तुमचा विद्यार्थी, या घरात जेवलेला. तो म्हणाला, काकू, मालकांभोवतीची माणसं बरी नाहीत, आणि सर स्कूटरवर एकटेच कॉलेजला येतात-जातात. धमकी होती का काळजी होती, हे काकूंना आजही सांगता येत नाही. तो म्हणाला, एकदा समिती येऊन बघून गेली, काही सापडलं नाही की विषय मिटेल, सगळे सुखाने राहतील. तारीख तुम्ही जेवताना बोलून गेला होतात. काकूंनी ती त्याला फोनवर सांगितली. आणि फोन ठेवता ठेवता आणखी एक गोष्ट सांगितली, की सकाळी उपाशीपोटी निघतील, चहा द्याल तर त्यांना साखर घालू नका.

मी विचारलं, सरांना माहीत होतं?

"घरी आल्याबरोबर विचारलं त्यांनी, चहाचं तू सांगितलंस? मी हो म्हटलं. परत कधी विषय नाही काढला."

मग म्हणाल्या, मी त्यांना म्हणत होते मीनलला सांगा, ती मनाला लावून घेईल. दर वेळी म्हणायचे, सांगेन.

मी उठून जायला हवं होतं बहुतेक. उठता आलं नाही. सर, तुम्हाला निरोप देताना मला जेवढं रडू आलं नाही तेवढं त्या खुर्चीत आलं, कारण भांडायला तुम्ही हवे होतात आणि नव्हतात.

तेव्हापासून मी एकाच गोष्टीवर येऊन अडते. तुम्हाला कळलं कधी? घरी आल्यावर, काकूंनी हो म्हटल्यावर? की पहिल्या घोटालाच? पहिल्या घोटाला कळलं असेल तर गाडीत प्रमोदची पाळी विचारली ती कोणाला ऐकवण्यासाठी? मागे बसलेल्या दोघांनी दुसऱ्या दिशेला बघावं, तुमच्या घराकडे बघू नये, म्हणून? तसं असेल तर तुम्ही बायकोला वाचवलंत आणि त्यासाठी मला पुढे केलंत, इतक्या सहज की आवाजही बदलला नाही.

किंवा तुम्हाला खरंच तेव्हा माझ्याबद्दल वाटलं असेल. घरी येऊन खरं कळलं असेल, आणि मग लाज वाटली असेल. ही शक्यता चांगली आहे, म्हणून मी तिच्यावर जास्त संशय घेते. मग त्या बढतीचं काय, किल्ल्यांचं काय, निबंधावरच्या नावाचं काय? मला माझ्या कामासाठी मिळालं की माझ्या गप्प बसण्यासाठी? तुम्ही माझी किंमत केलीत की भरपाई केलीत, हे आता कुठल्याही उपकरणाने मोजता येणार नाही. मी ती प्रयोगशाळा चालवते आहे. नीट चालवते आहे. तिथला प्रत्येक आकडा मी दोनदा बघते. तेवढं तरी माझं आहे असं धरून चालते.

मागच्या रविवारी सायखेड्याला जाऊन प्रमोदला सगळं सांगितलं. आता आमचं बोलणं आहे, मधल्या काळात वडील गेले तेव्हा सुरू झालं, पण त्या विषयाला दोघंही हात लावत नव्हतो. तो गोठ्यात वैरण टाकत होता. ऐकून थांबला.

"म्हंजे सरला तू काय बी नव्हतं सांगितलं."

नाही म्हटलं. त्यांनी गाळावरून काढलं होतं.

"आन् फॅक्टरीला बी नाय."

नाही.

त्याने उरलेली वैरण टाकली, हात झटकले. लय वर्षं गेली गं, एवढंच म्हणाला, आणि मला जेवायला थांबवून घेतलं. मी काहीच सांगितलं नव्हतं हे वहिनीला त्याने स्वतः जाऊन सांगितलं, मी ऐकत असताना, मोठ्याने. त्याने ते मुद्दाम मोठ्याने सांगितलं हे मला कळलं.

कॉलेजने तुमच्यावर स्मरणिका काढायची ठरवली आहे. सगळ्यात जवळची विद्यार्थिनी म्हणून माझ्याकडे लेख मागितला. जो माणूस मागायला आला तो त्या दिवशी गाडीत माझ्या शेजारी बसलेला होता. तुम्ही सगळं जाणताच, म्हणाला. मी विचारलं, काय जाणते? तो गोंधळला. म्हणाला, सरांना.

त्या लेखासाठी हे सगळं लिहून मी आधी काकूंकडे नेलं. त्या नको म्हणतील, मग मी गप्प बसेन, आणि मग मला त्यांच्यावर रीतसर रागावता येईल, असा माझा हिशेब होता. मी वाचून दाखवलं. त्या डोळे मिटून ऐकत होत्या. तुमचा उल्लेख काढून टाकू का, मी विचारलं. नको, ठेव, म्हणाल्या. फक्त एका वाक्याला त्यांनी हरकत घेतली. मी लिहिलं होतं की काकूंनी भीतीपोटी तारीख सांगितली.

"भीतीपोटी नको लिहूस. भीती होतीच. पण मला वाटत होतं, एकदा तरी या माणसाने चूक ठरून घरी यावं."

हे खरं असेल, किंवा सगळा दोष स्वतःकडे ओढून तुमच्यावरचं ओझं हलकं करायचा त्यांचा प्रयत्न असेल. तुमच्याबरोबर इतकी वर्षं काढलेल्या बाईला तेवढं नक्की जमेल. मी विचारलं नाही. भीतीचं वाक्य खोडलं आणि त्यांनी सांगितलं ते जसंच्या तसं ठेवलं.

आता माझं एक वाक्य राहिलं आहे. ते तुम्हाला माहीत होतं हे मला आता माहीत आहे, तरी ते मी तुमच्यासमोर कधी उच्चारलं नाही, आणि ज्या माणसांनी ते ऐकायला हवं होतं ती अजून त्याच स्टाफरूममध्ये बसतात.

सर, तारीख मी सांगितली नव्हती.